कणीचा कापूस मोटारीच्या नाकात

ही गोष्ट एका उंदरिणीची. केवढीशी उंदरीण? तुझ्या मुठीत मावेल एवढीशी. तिचं नाव कणी.

कणी राहायची रऊफचाचांच्या गॅरेजमागे. तिथं जुन्या टायरांचा ढीग होता. सगळ्यात खालच्या टायरात कणीचं घर. घरात तीन पिल्लं. गुलाबी गुलाबी. डोळे मिटलेले. अंगावर एकही केस नाही.

थंडीचे दिवस होते. टायर गारगार. पिल्लं म्हणाली, "चूं चूं! आई, थंडी! चूं चूं! झोप येत नाही!"

"थांबा हं," कणी म्हणाली. "पांघरूण आणते."

रस्त्यानं कापसाची गाडी चालली होती. गाडीतून एक पुंजका खाली पडला. पांढरा. मऊ. हलका हलका. कणीनं तो तोंडात धरला नि निघाली घरी. तुरुतुरु, तुरुतुरु.

गॅरेजच्या दारात एक लाल मोटार उभी होती. ती मुक्ताताईंची. मुक्ताताई गाईम्हशींच्या डॉक्टर. रोज या गावाहून त्या गावाला जायच्या. रस्ते सगळे धुळीचे. धूळ खाऊन खाऊन मोटारीला खोकला झाला होता.

रऊफचाचांनी मोटार सुरू करून पाहिली.

घर्र घर्र, खॉक खॉक!

मोटारीनं नाकानं हवा ओढली. सुर्रर्र! हवेबरोबर कापूसही गेला. कणीच्या तोंडातून सुटला, थेट मोटारीच्या नाकात!

चाचांनी मोटार बंद केली. ते चहा प्यायला बसले. त्यांना काही दिसलंच नाही.

कणीनं नाकात डोकावून पाहिलं. आत अंधार. टायरातून आवाज आला, "चूं चूं! आई, थंडी!"

कणीनं डोळे पुसले. ती मोटारीसमोर उभी राहिली.

"मोटारबाई, मोटारबाई, कापूस दे.
कापूस मिळाला की पिल्लं निजतील."

मोटार म्हणाली, "खॉक खॉक! कशी देऊ गं? माझ्या नाकाच्या आत एक पेटी आहे. पेटीत हवेची गाळणी आहे. तिला म्हणतात फिल्टर. तो भरलाय धुळीनं. तुझा कापूस त्यालाच चिकटलाय. पेटी उघडली की देईन. नाही तर नाही. खॉक!"

पेटी कोण उघडणार? रऊफचाचा!

कणी निघाली. तुरुतुरु, तुरुतुरु.

"चाचा, चाचा, पेटी उघडा.
पेटी उघडली की मोटार कापूस देईल.
कापूस मिळाला की पिल्लं निजतील."

चाचांनी बिस्कीट चहात बुडवलं. "वा गं वा! आता उंदरीण मला काम सांगणार! पेटी उघडून ठेवली, तर मोटार उघड्या नाकानं धूळ खाईल. आधी नवा फिल्टर माझ्या हातात आला पाहिजे. तो आला की उघडीन. नाही तर नाही."

बिस्कीट तुटून चहात पडलं. डुबुक! "बघ, तुझ्याशी बोलत बसलो नि बिस्कीट गेलं," चाचा म्हणाले.

फिल्टर कोण देणार? समोरच्या दुकानातल्या काशीकाकू!

कणी निघाली. तुरुतुरु, तुरुतुरु.

"काकू, काकू, फिल्टर द्या.
फिल्टर आला की चाचा पेटी उघडतील.
पेटी उघडली की मोटार कापूस देईल.
कापूस मिळाला की पिल्लं निजतील."

काशीकाकू शिडीवर चढल्या होत्या. त्यांच्यासमोर खोकीच खोकी. छतापर्यंत खोकी.

"कुठला देऊ, बाई?" काकू म्हणाल्या. "हा बघ गोल. हा बघ लांबुळका. हा बघ चौकोनी. हा ट्रकचा. ह्यात तर तुझं अख्खं घर मावेल! उगाच अंदाजानं देऊ का? मोठा दिला तर पेटी मिटणार नाही. लहान दिला तर फटीतून धूळ शिरेल. मोटारीच्या पुस्तकात फिल्टरचा नंबर असतो. पुस्तक आलं की देईन. नाही तर नाही."

"लहान दिसतोय तो द्या ना, काकू."

"छे! चुकीचा माल मी देत नाही. चाचा मला हसतील."

पुस्तक कोण देणार? मुक्ताताई!

कणी निघाली. तुरुतुरु, तुरुतुरु. जाता जाता टायरापाशी थांबली. "आलेच हं!" आतून हळूच आवाज आला. "चूं." एकदाच.

कणी जास्तच जोरात पळाली. तुरुतुरुतुरुतुरु!

मुक्ताताई घरी पाळणा हलवत होत्या. चार पायांचा लाकडी पाळणा. पाळण्यात त्यांचं बाळ. बाळ रडत होतं. ट्यांहां! ट्यांहां!

"ताई, ताई, पुस्तक द्या.
पुस्तक आलं की काकू फिल्टर देतील.
फिल्टर आला की चाचा पेटी उघडतील.
पेटी उघडली की मोटार कापूस देईल.
कापूस मिळाला की पिल्लं निजतील."

"अगं, पुस्तक ते काय तिथं," ताई म्हणाल्या. "पाळण्याच्या पायाखाली!"

खरंच की! पाळण्याचा एक पाय होता आखूड. पाळणा लटपटायचा. म्हणून ताईंनी त्याच्याखाली मोटारीचं पुस्तक सरकवलं होतं.

"पुस्तक असं ठेवतात का, ताई?" कणी म्हणाली.

"बरोब्बर बसलं गं ते! तेवढ्या जाडीचं दुसरं काही सापडेना," ताई म्हणाल्या. "आता बाळ इतकं रडतंय. पाळणा थांबवू कशी? बाळ हसलं की पुस्तक देईन. नाही तर नाही."

कणी पाळण्यावर चढली. सरसर, सरसर. बाळाच्या उशीपाशी गेली.

"बाळा, बाळा, हस ना.
बाळ हसलं की ताई पुस्तक देतील.
पुस्तक आलं की काकू फिल्टर देतील.
फिल्टर आला की चाचा पेटी उघडतील.
पेटी उघडली की मोटार कापूस देईल.
कापूस मिळाला की पिल्लं निजतील."

"ट्यांहां! मनी हवी!" बाळ म्हणालं. "मनी आली की हसेन. नाही तर नाही. ट्यांहां!"

मनी कोण?

मनी मांजर!

कणीच्या मिशांचे केस थरथरले. शेपटी थरथरली.

मांजराकडे जायचं? उंदरिणीनं?

कणीला टायर आठवला. टायरातलं ते एकच "चूं" आठवलं.

कणी निघाली. पण हळूहळू. तुरु... तुरु... तुरु.

मागच्या पायरीवर गोणपाट होतं. गोणपाटावर मनी. केवढी मोठी मनी! हिरवे डोळे. लांब मिशा. तिच्या पोटाशी दोन पिल्लं झोपलेली.

मनीनं एक डोळा उघडला. "उंदरीण? माझ्या दारात? वाट चुकलीस की काय?"

"नाही," कणी म्हणाली. आवाज अगदी बारीक. पण म्हणाली.

"मनीमावशी, मनीमावशी, बाळाकडे जा ना.
मनी आली की बाळ हसेल.
बाळ हसलं की ताई पुस्तक देतील.
पुस्तक आलं की काकू फिल्टर देतील.
फिल्टर आला की चाचा पेटी उघडतील.
पेटी उघडली की मोटार कापूस देईल.
कापूस मिळाला की..."

कणीला पुढं बोलवेना.

"की काय?" मनीनं विचारलं.

"की पिल्लं निजतील."

मनीनं दुसरा डोळा उघडला. "किती पिल्लं?"

"तीन."

"डोळे उघडले का गं त्यांचे?"

"नाही अजून."

"माझ्यांचेही नाही," मनी म्हणाली. मग तिनं पोटाशी झोपलेल्या पिल्लांकडे पाहिलं. "जाईन मी बाळाकडे. पण मी उठले तर ही दोघं गारठतील. ह्यांना कुणी ऊब दिली की जाईन. नाही तर नाही."

ऊब कोण देणार?

कणीनं इकडे पाहिलं. कुणी नाही. तिकडे पाहिलं. कुणी नाही. आता कुणाकडे जायचं? कुणीच उरलं नव्हतं.

उरली होती फक्त कणी.

"मी देते," कणी म्हणाली.

"तू? एवढीशी?"

"एवढीशीच आहे. पण गरम आहे."

"आणि तू माझ्या पिल्लांना चावलीस तर?"

"आणि तू मला खाल्लंस तर?"

दोघी एकमेकींकडे पाहत राहिल्या. मग मनी हळूच उठली. कणी हळूच सरकली. मांजराच्या दोन पिल्लांच्या मधोमध जाऊन बसली. पिल्लं तिच्याहून मोठी होती! पण त्यांचे डोळे मिटलेले. त्यांना काय कळणार? एकानं कणीच्या पाठीवर मान टाकली. दुसऱ्यानं तिच्या पोटात नाक खुपसलं. गुर्र गुर्र, गुर्र गुर्र.

"झोपा हं," कणी म्हणाली. "आई येतेय. झोपा."

मनी गेली पाळण्यापाशी. तिनं शेपूट उंच केली. शेपटीनं बाळाच्या तळपायाला गुदगुल्या केल्या. गुदूगुदूगुदू!

बाळ थांबलं. बाळानं पाहिलं. बाळ हसलं! खुदकन हसलं!

मनी लगेच परत आली. "ऊठ गं," ती कणीला म्हणाली. "पळ आता. तुझी वाट बघत असतील." आणि तिनं कणीच्या कानाला जिभेनं हळूच चाटलं. खरखरीत होती जीभ. पण कणीला छान वाटलं.

आता काय काय झालं, बघ हं!

मनी आली, तसं बाळ हसलं.

बाळ हसलं, तशी ताईंनी पुस्तक काढलं. बाळ घेतलं कडेवर. पुस्तकाच्या जागी ठेवली घडी घातलेली गोधडी. पुस्तक झटकलं. फट फट! नि निघाल्या काकूंकडे. पुढं ताई, मागं कणी. तुरुतुरु, तुरुतुरु.

पुस्तक आलं, तशी काकूंनी पानं उलटली. एक पान, दोन पानं, दहा पानं. "हा बघा नंबर!" काकू शिडीवर चढल्या. वरचं खोकं सरकवलं, खालचं खोकं सरकवलं. नंबर जुळवून पाहिला. एकदा पाहिला. पुन्हा पाहिला. "हा घ्या. चौकोनी. वीतभर लांब."

खोक्यात होता पांढरा पांढरा कागद. घडीवर घडी, घडीवर घडी. बाळ म्हणालं, "पंखा!"

"पंखा नाही रे राजा," काकू म्हणाल्या. "ही मोटारीची गाळणी."

फिल्टर आला, तशी चाचांनी पेटी उघडली. खटक! खटक! दोन चिमटे सुटले. झाकण वर आलं. चाचांनी जुना फिल्टर बाहेर काढला. अरे बापरे! काळा कुळकुळीत!

"मुक्ताबेटी, हे काय?" चाचा म्हणाले. "अर्धा रस्ता उचलून आणलास की!"

ताई लाजून हसल्या. "आता वेळेवर बदलीन, चाचा."

चाचांनी जुना फिल्टर उपडा केला. ठप ठप! धूळ पडली. वाळलेलं पान पडलं. आणि एका कोपऱ्यात अडकलेला एक पुंजका पडला. भुरकन!

"माझा कापूस!" कणी ओरडली.

चाचांनी ओल्या फडक्यानं पेटी आतून पुसली. नवा फिल्टर ठेवला. सगळ्या कडा बोटानं दाबल्या. कुठंही फट नाही. झाकण लावलं. खटक! खटक!

मोटार सुरू झाली.

सूंऽऽऽ!

खॉक नाही. घर्र नाही. नुसतं सूंऽऽऽ.

"अगंबाई, किती मोकळं वाटतंय!" मोटार म्हणाली. "घे गं कणी, तुझा कापूस. माझ्यामुळे मळला थोडा."

"मळू दे," कणी म्हणाली. "मऊ आहे ना!"

तिनं कापूस झटकला. फट फट! घट्ट तोंडात धरला. नि पळाली घरी. तुरुतुरुतुरुतुरु!

टायरात अगदी शांत होतं. तिन्ही पिल्लं एकमेकांना चिकटून बसली होती. हलत नव्हती. बोलत नव्हती.

"बाळांनो?" कणी म्हणाली.

तिनं तिघांना नाकानं हळूच हलवलं.

कणीनं कापूस पसरला. वरून घातला, खालून घातला, कडेनं खोचला. आपण त्यांच्याभोवती गोल होऊन बसली. एकेकाला चाटलं. एकदा चाटलं. पुन्हा चाटलं.

एक पिल्लू हललं. "चूं."

दुसरं हललं. "चूं."

तिसऱ्यानं मोठ्ठी जांभई दिली. "आई, उबदार!"

एक निजलं. दुसरं निजलं. तिसरं... तिसरं थोडा वेळ जागं राहिलं. त्याला आईची शेपूट धरायची होती. ती धरली, आणि तेही निजलं.

कणी निजली पिल्लांपाशी. आता तुझं पांघरूण कुठंय? ओढ बघू हनुवटीपर्यंत.