चंद्राबाई आणि काट्यांचं सैन्य

डोंगरांना अजून नावं पडली नव्हती, तेव्हाची ही गोष्ट. एका टेकडीवर साळिंदरांचं राज्य होतं आणि दौलती त्यांचा सेनापती होता. राज्याने टेहळणीसाठी चंद्रा नावाची घार नेमली होती, पण दौलतीला ते पटत नसे. "शत्रू येणार जमिनीवरून आणि या बाई आभाळात गिरक्या घेणार!" असं म्हणून त्याने तिला बाभळीवर बसवून ठेवलं.

एके दिवशी सकाळी टेकडीपलीकडून खुळखुळ आवाज आला. दौलती दोन पावलं मागे सरला. "काटे वाजवा रे!" तो ओरडला. सगळ्यांनी काटे वाजवले, तर पलीकडचा आवाज दुप्पट झाला. यांनी जोर लावला, तसा तिकडूनही जोर वाढला. दुपारपर्यंत सगळ्यांची अंगं आंबून गेली.

"आता चढाईच करतो," दौलती म्हणाला, पण पाय काही उचलेना. शेवटी तो बाभळीखाली आला. "चंद्राबाई, जरा वर जाऊन बघता का?"

चंद्रा उंच गेली आणि हसतच खाली आली. "सेनापती, पलीकडेही साळिंदरंच आहेत. तुम्ही काटे वाजवले की ती वाजवतात. निम्मी तर बिळात तोंड खुपसून बसलीत."

दौलतीने सगळ्यांना काटे मिटायला सांगितलं. हळूहळू पलीकडेही शांत झालं. मग तिकडून एक घोगरा आवाज आला, "काय, घाबरलात ना?"

दौलतीच्या जिभेवर सणसणीत शिवी आली होती. ती त्याने कशीबशी गिळली.

"हो, घाबरलो होतो," तो ओरडला.

मग पलीकडून उत्तर आलं, "आम्हीसुद्धा."