राजाचा चोरीला गेलेला प्रकाश

सगळ्या दरबाराला प्रकाश दिसू लागला आणि राजाला मात्र दिसेना!

धवलगडचा राजा रणधवल मोठा हट्टी. एखादी गोष्ट दुसऱ्याकडे आहे आणि आपल्याकडे नाही, हे त्याला खपत नसे. त्याच्या राज्यात तेजोनिधी नावाचे एक तत्त्वज्ञ मुक्कामाला आले होते. त्यांनी स्वतःचा प्रभापंथ काढला होता. पंथाची साधना अगदी सोपी. मांडी घालायची, डोळे मिटायचे आणि कपाळाच्या आतला प्रकाश बघायचा. "ज्याचं मन शुद्ध, त्याला तो पहिल्याच दिवशी दिसतो," असं ते सांगत.

मग काय! पहिल्याच दिवशी प्रधानजींना लिंबाएवढा प्रकाश दिसला. ते ऐकून राजवैद्यांना नारळाएवढा दिसला. सेनापती कसे मागे राहतील? त्यांना थेट फणसाएवढा दिसला!

राजा महिनाभर डोळे मिटून बसला. त्याला नुसता अंधार दिसला आणि अधूनमधून डुलकी लागली.

"गुरुदेव, माझा प्रकाश कुठे आहे?" एके सकाळी तो गरजला. "माझ्या आचाऱ्यालाही दिसतो आणि मलाच नाही? आत्ताच्या आत्ता उत्तर हवं!"

तेजोनिधींना घाम फुटला. राजाचं मन अशुद्ध म्हणावं, तर मुंडकं जाणार. प्रकाश नाहीच म्हणावं, तर पंथ जाणार. तेवढ्यात दाराशी कोणीतरी खुदकन हसलं.

ती होती हौसा परटीण. राजवाड्याचे धुतलेले कपडे घेऊन आली होती. ध्यानातून उठलेले सेनापती तिच्यासमोरच खांबाला धडकले होते.

"हसतेस काय गं?" सेनापती कपाळ चोळत ओरडले.

"चुकलं, सरकार. पण आत फणसाएवढा उजेड असून एवढा मोठा खांब दिसला नाही व्हय?"

झालं! तेजोनिधींना वाट सापडली. "महाराज, हीच ती चोर! आपला प्रकाश मी स्वतः पाहिला होता. पिवळाधमक, सोन्यासारखा! आपले कपडे धुता धुता हिनं तो लंपास केला."

राजानं मागचा-पुढचा विचार केला नाही. "तीन दिवस देतो! माझा प्रकाश परत आण. नाहीतर नवऱ्याला आणि गाढवाला घेऊन राज्याची वेस ओलांड!"

हौसानं घरी येऊन सगळं सांगितलं. ही बातमी ऐकून तिचा नवरा सटवाजी मटकन खाली बसला.

"तुझी जीभ, हौसा! एक दिवस आपल्याला देशोधडीला लावणार, म्हणून सांगत होतो. आता परत काय देणार? न दिसणारी वस्तू आणायची तरी कुठनं?"

दोन दिवस हौसा नदीवर कपडे आपटत राहिली, जेवणात तिचं लक्ष नव्हतं. तिसऱ्या दिवशी सकाळी राजाचा फेटा पिळता पिळता ती एकदम थांबली.

"अहो धनी, ती वस्तू दिसत नाही, तेच तर बरं आहे!"

सटवाजीला काही कळलं नाही. तोवर हौसा फेटा वाळवून, घडी घालून राजवाड्याकडे निघालीसुद्धा.

दरबार गच्च भरला होता. हौसानं मुजरा केला आणि फेटा पुढे धरला. "महाराज, आधी हा बांधून घ्या."

राजानं फेटा बांधला. हौसानं हात झटकले. "झालं! केला परत!"

"काय परत केलंस? कुठे?"

"हा काय, महाराज, तुमच्या कपाळावर! फेट्यात बांधून आणला होता."

राजानं कपाळ चाचपलं. "मला तर काही दिसत नाही!"

"आपलं कपाळ आपल्याला कसं दिसेल? ज्यांना प्रकाश दिसतो, त्यांना विचारा की!"

राजानं प्रधानजींकडे पाहिलं. प्रधानजींनी डोळे बारीक केले. दिसत नाही म्हणावं, तर मन अशुद्ध ठरणार! "वा, वा! दिसतोय ना, महाराज. लखलखीत!"

राजवैद्यांनी भक्तिभावानं डोळे पुसले. "काय तेज! काय तेज!"

सेनापतींनी तर डोळ्यांवर आडवा हात धरला. "सोसवत नाही, महाराज!"

राहिले तेजोनिधी. दिसतो म्हणावं, तर परटीण सुटणार. दिसत नाही म्हणावं, तर सगळे शिष्य खोटे ठरणार. ते खोल आवाजात म्हणाले, "दिसतो."

"तोच आहे ना, गुरुदेव?" हौसानं हात जोडून विचारलं. "नीट बघा. नंतर कमी भरला म्हणाल."

"तोच. पुरा आहे."

राजानं आरसा मागवला. आरशात स्वतःचं नाक दिसलं, मिशा दिसल्या, फेटा दिसला. बाकी काही नाही. त्यानं आरसा बाजूला ठेवला आणि हौसाकडे रोखून पाहिलं.

"हौसा, तुला अभय आहे. खरं सांग. माझा प्रकाश तू परत केलास?"

"देवाशपथ, महाराज! जेवढा चोरला होता, तेवढाच परत केला. राईएवढाही कमी नाही!"

राजानं पुन्हा एकदा आरशात पाहिलं. मग त्याच्या मिशा थरथरल्या आणि तो मांडीवर थाप मारून खो खो हसू लागला. राजा हसला म्हणून अख्खा दरबारही हसला.

"तुम्ही का हसता?" राजानं विचारलं. "तुम्हाला तर दिसतोय ना?"

सेनापतींनी घाईघाईनं पुन्हा डोळ्यांवर हात धरला!

तेजोनिधी हळूच दाराकडे सरकत होते. राजानं त्यांना थांबवलं. "गुरुदेव, रिकाम्या हातानं जाऊ नका. तुम्हाला एक अख्खं गाव इनाम दिलं. डोळे मिटा, म्हणजे दिसेल!"

मग तो हौसाकडे वळला. "आणि तुला नदीकाठची पाच बिघे जमीन. पण बाई, ती मात्र डोळे उघडे ठेवून मोजून घे हो!"