वरुणाची तहान

एका कुटीतले पाणी दुसऱ्या कुटीत नेऊ नये, आणि का नेऊ नये हे कोणी विचारू नये, असा शुक्तिका नदीच्या तीरावरील आश्रमाचा नियम होता. ही कथा त्या काळची, जेव्हा पर्वतांचे पंख नुकतेच छाटले गेले होते आणि नद्या आपापल्या वाटा निवडत होत्या.

कदंब आणि करंज यांच्या सावलीत वसलेल्या त्या आश्रमात चार कुटी होत्या. मापनकुटीचे आचार्य शंकुधर अंगणात एक सरळ काठी रोवून तिच्या सावलीवरून सूर्याचा मार्ग मोजत. विचारकुटीत स्वतः कुलपती, महर्षी स्थाणुमित्र, जे आहे ते का आहे यावर शिष्यांशी वाद करीत. होमकुटीत आचार्य हविर्भानू देवांना आहुती देत. चौथी कथाकुटी कुंपणाच्या पलीकडे होती. तिथे वृद्ध सूत मधुश्रवा गुराख्यांना, कुंभारांना आणि पाण्याला निघालेल्या सुनांना गोष्टी सांगे. ज्ञानाच्या कुटी तीनच, चौथी आपली लोकांच्या करमणुकीची, असे आचार्य हसून म्हणत.

स्थाणुमित्रांची नात मंजिष्ठा चारही कुटींत वाढली होती. दीक्षा झाली नव्हती तोवर तिला तेवढी मोकळीक होती. मात्र प्रत्येक उंबऱ्याशी कमंडलू रिकामा करून, चूळ भरून आत जायचे. दीक्षेनंतर कुटी एकच आणि पाणीही एकच. नदी तर एकच आहे, मग पाणी चार प्रकारचे कसे, असे तिने लहानपणी आजोबांना विचारले होते. "नियम आहे," असे उत्तर मिळाले. मोठी झाल्यावर तिने तेच पुन्हा विचारले, तेव्हा उत्तर बदलले नव्हते. आजोबांचा आवाज तेवढा चढला होता.

एका ग्रीष्मात, माध्यान्ही, धुळीने माखलेला एक वाटसरू मापनकुटीच्या दाराशी आला. त्याचे ओठ फुटले होते. शंकुधरांनी त्याला द्रोणभर पाणी दिले. ते हातात घेऊन त्याने विचारले, "आचार्य, हे पाणी येते कुठून?" शंकुधरांनी सूर्याच्या उत्तरायणाचे गणित मांडायला घेतले. ते लांबले, तेव्हा पाहुणा पाणी न पिताच द्रोण घेऊन उठला. "विचारकुटीत विचारून येतो," तो म्हणाला.

विचारकुटीच्या उंबऱ्यावर शिष्यांनी त्याच्या हातातला द्रोण उपडा केला. "मापनकुटीचे पाणी इथे चालत नाही. बसा, आमचे घ्या." पाहुण्याने तिथेही तोच प्रश्न विचारला. पाणी म्हणजे काय हे ठरल्याशिवाय ते कुठून येते हे ठरत नाही, असा वाद सुरू झाला. पाहुणा होमकुटीकडे वळला आणि तिथेही त्याचा द्रोण उपडा झाला. हविर्भानू म्हणाले, "आधी आचमन, मग संकल्प, मग प्राशन." शेवटी कथाकुटीकडे जाताना कुंपणाशी असलेल्या बटूने द्रोण पुन्हा ओतला. इकडून तिकडे पाणी नेणे तर महापाप होते. मंजिष्ठा ते पाहून धावली, पण ती पोहोचेपर्यंत पाणी मातीत जिरले होते.

वाटसरूने आपली धूळ झटकली आणि मेघवर्ण, पाशधारी वरुण सर्वांसमोर उभा राहिला.

"ऋषीहो! ज्याच्या उदरात सातही समुद्र आहेत तो तुमच्या दाराशी तहानलेला फिरला, आणि तुम्ही तीन वेळा पाणी देऊन तीन वेळा ओतून दिले. आता वाटणीच हवी तर घ्या वाटणी! ही नदी लुप्त होईल. प्रत्येक कुटीपाशी एक डोह उरेल, पण त्याने कोणाची तहान भागणार नाही. चारही डोहांचे पाणी ज्या दिवशी एका ओंजळीत मला मिळेल, आणि माझ्या प्रश्नाचे उत्तर मिळेल, त्या दिवशी शुक्तिका परत येईल."

तो अंतर्धान पावला, आणि पाहता पाहता नदी वाळूत शिरली.

डोह तुडुंब भरलेले आणि माणसे कासावीस, असे विपरीत घडले. गाई पाणी पिऊन पिऊन हंबरू लागल्या. मधुश्रव्याच्या घशाला अशी कोरड पडली की गोष्टीचे पहिले वाक्यही त्याच्याने पुरे होईना. आचार्य रोज वडाखाली जमत.

"वरुणाने उत्तर मागितले आहे. अचूक उत्तर मापनकुटीचेच," शंकुधर म्हणत.

"तुमच्या काठीने तहान मोजा आधी!" हविर्भानू उसळत. "देव कोपला आहे, तो आहुतीने शांत होईल."

स्थाणुमित्रांनी अखेर निर्णय दिला. "नियम ढिला झाला म्हणून हे संकट आले. तो घट्ट करू. मंजिष्ठेची दीक्षा उद्याच होईल."

मंजिष्ठा मधुश्रव्याला वारा घालत बसली होती, तिथे तिला हे कळले. तिला हसू आले आणि लगेच डोळे भरून आले. दीक्षा झाली की दुसऱ्या डोहाला हात लावता येणार नाही. आणि आश्रमात दीक्षा न झालेली ती एकटीच होती.

"सूतबाबा, उद्या मी बांधली गेले की हे खोरे मेले," ती म्हणाली.

मधुश्रव्याला बोलवेना. त्याने फक्त कोपऱ्यातल्या घागरीकडे बोट केले.

भर दुपारी, सर्वांच्या देखत, मंजिष्ठेने चारही डोहांचे पाणी त्या एका घागरीत भरले. "अगं, काय करतेस हे! कुळाला बट्टा लावलास!" हविर्भानू ओरडले. बटू कानांवर हात ठेवून पळाले. ती नदीच्या कोरड्या पात्रात जाऊन उभी राहिली, आणि तो धुळीने माखलेला वाटसरू पुन्हा समोर आला.

"मुली, हे पाणी येते कुठून?"

मंजिष्ठेने त्याच्या ओंजळीत धार धरली. "आधी प्या, पाहुणे. पिता पिता ऐका. एका डोंगराची लेक सासरी निघाली. सासर समुद्राचे, मोठे आणि खारट. वर्षभर नांदली, मग तिला माहेरची ओढ लागली. तिला न्यायला सूर्य मुराळी होऊन येतो. त्याची वाट कधी लांब, कधी जवळची. त्याच्या सावलीवरून शंकुधर आचार्य सांगतात, लेक कधी येणार ते. ती आकाशाच्या वाटेने येते आणि रित्या हाताने येत नाही. जे घेतले ते परत द्यावे, यालाच हविर्भानू आचार्य यज्ञ म्हणतात. दारात उभी राहिली की पितामह विचारतात, गेली ती हीच का, की ही दुसरी? डोंगर म्हणतो, महर्षी, लेक ओळखायला मला वाद लागत नाही. ही गोष्ट मला मधुश्रव्याने सांगितली. बाकीचे तीन आचार्य हीच गोष्ट सांगत होते, हे मला फार उशिरा कळले."

वरुण शेवटच्या थेंबापर्यंत प्याला. वाळू ओली झाली, मग गढूळ, मग शुक्तिका खळाळत मंजिष्ठेच्या गुडघ्यांपर्यंत चढली. गाई नदीत शिरल्या.

"वर माग," तो म्हणाला.

"दाराशी आलेल्याला आधी पाणी मिळू दे, नाव, गाव, कूळ मग विचारले जावे."

"तथास्तु," वरुण म्हणाला. म्हणून या भूमीत आजही पाहुणा टेकला की आधी तांब्या पुढे होतो आणि चौकशी मागून.

वरुण गेला. काठावर शंकुधर हविर्भानूंना म्हणत होते, "मुराळ्याची वाट मोजली कोणी? गोष्टीचा कणा आमचाच."

"आणि यज्ञ काय तोंडी लावायला होता?"

स्थाणुमित्रांनी हात वर करून दोघांना थांबवले. "वत्से, घडले ते आपद्धर्म म्हणून क्षम्य. आता स्नान करून प्रायश्चित्त घे. उद्या दीक्षा आहे. कोणती कुटी ते सांग. आणि का, हे विचारू नकोस."

मंजिष्ठा पाण्यातून वर आली. घागर तिच्या कमरेवर होती.

"नाही विचारत, पितामह. फार वर्षे विचारले. मी दीक्षा घेणार नाही. मी मोजीन, वाद घालीन, आहुती देईन आणि संध्याकाळी कुंपणापलीकडे बसून गोष्टही ऐकीन. तुम्हाला हे चालत नसेल, तर चौघांनी मिळून मला एक कारण सांगा. एकच, चौघांचे मिळून."

शंकुधरांनी हविर्भानूंकडे पाहिले. हविर्भानूंनी कुलपतींकडे पाहिले. कुलपतींनी तोंड उघडले, आणि कुंपणाशी काठीवर रेलून उभ्या असलेल्या मधुश्रव्याकडे पाहून मिटले. मंजिष्ठा घागर सावरून कुंपणाकडे चालू लागली.