बघू

नदीकाठच्या एका नगरात कुमुद नावाची एक नर्तकी राहत असे. लहानपणी ती देवादिकांचे नाच शिकली. मोठी झाल्यावर तिला वाटले, देवांचे नाच पुष्कळ झाले, आता माणसांचे बसवावेत. मग तिने धान्य पाखडण्याचा नाच बसवला, गोधडीची घडी घालण्याचा बसवला. लोक हसले. पाखडणे बघायला तिकीट कशाला, घरी फुकट दिसते, असे म्हणाले. पण हसता हसता ते येऊ लागले आणि येता येता गप्प बसून बघू लागले.

फक्त तिची आई कधी आली नाही. घरातली कामे अशी चव्हाट्यावर मांडणे तिला पसंत नव्हते. पुढे कुमुदने ‘वाट’ नावाचा नाच बसवला. दारात उभी राहून कुणाची तरी वाट बघणाऱ्या बाईचा तो नाच होता. त्याच्या पहिल्या प्रयोगाला बोलवायला कुमुद मुद्दाम आईकडे गेली. आई तांदूळ निवडत होती. वर न बघता ती म्हणाली, “बघू.”

‘बघू’ म्हणजे हो नव्हे. पण नाहीही नव्हे. तेवढ्या शब्दावर कुमुद नाचायला उभी राहिली.

त्या नाट्यगृहाचे प्रेक्षकांमागचे दार फार करकरत असे. नाच ऐन मध्यावर आला. वाट बघून थकलेली बाई प्रेक्षकांकडे पाठ करून घरात परतत होती, तेवढ्यात दार करकरले. कुमुदची मान आपोआप मागे वळली. हात हवेतच राहिला. दारातून आत आला तो चहाचे कप गोळा करणारा माणूस.

प्रेक्षकांना वाटले, हे नाचातलेच आहे. कित्येकांचे डोळे भरून आले. मग पुढच्या प्रत्येक प्रयोगात कुमुदने त्याच जागी मान वळवली, आणि दर वेळी ती खरोखरच दाराकडे बघत असे. ‘कुमुदची मान’ बघायला माणसे गावोगावाहून येऊ लागली. काही वर्षांनी आई वारली. तरी मान वळायची थांबली नाही.

कुमुदची कुमुदबाई झाली, नाव झाले, पण एक हुरहूर राहून गेली. ज्या मानेसाठी लोक लांबून येत, ती बाईंनी स्वतः कधी पाहिली नव्हती. आरशात बघावे, तर मान वळली की आरसा नजरेआड होई.

गुडघे कुरकुरू लागले तेव्हा बाईंनी नाचणे सोडले आणि शिकवणे धरले. वाटले, एखादी तरी शिष्या तशी मान वळवील, आपण समोर बसू आणि एकदा डोळे भरून बघू.

मुली मेहनती होत्या. हनुवटी कुठे, खांदा किती, सगळे बाईंनी घोटून घेतले. मुली मानेला बाम चोळत घरी जात. एकीच्या आजोबांनी तर विचारले, नाच शिकतेस की ओझी वाहतेस? माना जशाच्या तशा वळत. पण पत्ता बरोबर आणि घरात कुणी नाही, असे काहीतरी होई.

त्यांतली सगुणा सर्वांत गुणी. ‘वाट’चा नवा प्रयोग तिच्याकडे आला. तालमीत ती त्या जागेपर्यंत आली आणि मान न वळवता सरळ आत निघून गेली.

“मान?” बाईंनी विचारले.

“मागे कोण येतं, बाई?”

आईचे बाईंनी कधी कुणाला सांगितले नव्हते. त्या म्हणाल्या, “कुणी येत नाही. वळव.”

“कुणी येतच नसेल, तर खोटं कशाला बघू? दमलीय हो ती.”

बाईंनी चपला घातल्या. जन्मभर जपलेली गोष्ट या पोरीने अशी टाकून द्यावी, याचा त्यांना फार राग आला. सगुणा पायऱ्यांपर्यंत मागे आली. “प्रयोगाला याल ना?”

पायरी उतरता उतरता बाई म्हणाल्या, “बघू.”

प्रयोगाच्या संध्याकाळी त्या घरीच राहिल्या. हातांना काहीतरी चाळा हवा म्हणून तांदूळ निवडायला घेतले. शेजारीण डोकावली. आज तुमच्या सगुणाचा नाच ना, गेला नाहीत का, असे तिने विचारले. वर न बघता बाई म्हणाल्या, “बघू.”

आणि तो शब्द त्यांच्या कानांवर आईच्या आवाजात पडला.

तांदूळ तसेच टाकून बाई उठल्या. दुखऱ्या गुडघ्यांनी चालता चालता मनात एकच घोळत होते. आईने तो शब्द नुसता टाळायला म्हटला होता, की तिलाही यायचे होते? आता हे कुणाला विचारणार?

नाट्यगृहात पोचेपर्यंत नाच मध्याच्या पुढे गेला होता. मानेची जागा केव्हाच निघून गेली होती. बाईंनी हळूच दार लोटले. गावाने पडदे बदलले, खुर्च्या बदलल्या, दाराला तेल मात्र कुणी घातले नव्हते. दार करकरले.

रंगमंचावर सगुणा पाठमोरी दिवा लावत होती. तिची मान मागे वळली. हात हवेतच राहिला.

हनुवटी जरा चुकली होती, खांदाही थोडा वर होता. पण तीच मान होती. बाई चौकट धरून उभ्या राहिल्या. जन्मभर त्या या दाराकडे बघत आल्या होत्या. आज दारातून बघत होत्या.

मग कोण आले ते सगुणाला दिसले. ती हसली, वळली आणि तिने दिवा लावला. ते हसू बाईंच्या नाचात कधीच नव्हते.

तात्पर्य: मान कशी वळवावी हे शिकवता येते, ओढ शिकवता येत नाही. आणि जिथे कुणी आपली वाट बघत असेल, तिथे ‘बघू’ म्हणून रुसून बसू नये, उठून जावे.