परत घेतलेलं नाव

एकदा एका उस्तादांनी आपल्या शिष्येला दिलेलं नावच परत घेतलं. हो, नाव! दिलेलं कुणी असं परत घेतं का? पण घेतलं खरं.

गाव खाडीकाठचं. मुलगी सात दिवसांची असताना या वृद्ध उस्तादांनीच तिचं नाव हलीमा ठेवलं होतं. पुढे ती त्यांच्यापाशीच अक्षर शिकली. बाप गेला, मागे राहिलं भाताचं एक खाचर, बांधाच्या आतलं. बांधाला उघाडी होती, म्हणजे फळ्यांचं दार. भरतीला फळ्या लावायच्या, ओहोटीला काढायच्या, की खारं पाणी बाहेरच राहतं. हे काम हलीमाच्या बापाचं. तो गेला आणि गावच्या मासळीच्या व्यापाऱ्याने फळ्या उचलून आपल्या वखारीत नेल्या. आता ऐन भरतीत दार उघडं. मासळी दाराशी लावलेल्या त्याच्या जाळ्यात आणि मीठ हलीमाच्या खाचरात! दोन सालं लोंबी भरली नाही. तिसरी पेरणी तोंडावर आली, हीही गेली तर बियाण्यालाही दाणा उरणार नव्हता.

ती जाब विचारायला गेली, तर व्यापारी हसला. "हलीमा म्हणजे सोशीक. नावाला जाग, बाई!"

ती मुकाट परतली. आळीतल्या बाया म्हणाल्या, "नाव शोभतं हो पोरीला." तेवढंच मनाला बरं वाटलं. तेच सांगायला ती उस्तादांकडे गेली.

उस्तादांनी सगळं ऐकलं आणि म्हणाले, "ए मुली, आजपासून तू हलीमा नाहीस. नाव परत दे."

तिच्या अंगाची लाहीलाही झाली. "बाप गेला, शेत गेलं, आता नावही घ्या! काय गुन्हा केला मी? सोसलंच ना?"

"सोसलंस म्हणूनच! अरबस्तानात जुन्या काळी हिल्म, म्हणजे सबुरी, हा गुण कुणाचा वाखाणत, ठाऊक आहे? टोळीच्या नायकाचा. हाती तलवार, अंगी सूड घेण्याचं बळ, आणि तरी जो क्रोधाला लगाम घालतो, तो हलीम. अल्लाच्या नावांतही हे नाव आहे. तो काय दुबळा म्हणून थांबतो? डबकंही शांतच असतं गं, त्याची थोरवी कुणी गायली? आधी फळ्या हाती घे. मग सबुरी कर, शोभेल."

दुसऱ्या दिवशी भर उन्हात हलीमा शेजारच्या, तशाच खारावलेल्या खाचरांच्या बाया घेऊन वखारीत शिरली. फळ्या खांद्यावर आल्या, भरतीआधी उघाडीला बसल्या, आणि हलीमा मांडीवर कोयता घेऊन बांधावर बसली.

व्यापारी धावत आला. त्याच्या जाळ्याचा दोर उघाडीच्याच खांबाला होता. एक घाव, की जाळं खाडीत.

"काप गं!" बाया ओरडल्या. "दोन सालांचं मीठ आहे ते!"

हलीमाने कोयता दोरावर टेकवला. व्यापाऱ्याचा चेहरा उतरला. तिने त्याच्याकडे पुरतं पाहून घेतलं. मग कोयता बाजूला ठेवला, गाठ सोडली आणि दोर त्याच्या पायांशी टाकला. "जाळं न्या, शेठ. फळ्यांना हात लावायचा नाही."

बांधाच्या टोकाहून उस्तादांची हाक आली. "हलीमा, ऊन फार झालं. घरी चल."

नाव ऐकून तिचे डोळे भरले, पण ती उठली नाही. "ओहोटी लागू दे, उस्ताद."

तुम्हाला कुणी सबुरी शिकवायला आलं, तर आधी एवढंच विचारा: फळ्या कुणाच्या वखारीत आहेत?