कोरा सीन

एकदा एक निवास नावाचा गडी साताऱ्याकडं एका मालिकेच्या सेटवर कामाला लागला. आधी चहा वाटला, मग कपड्यांच्या पेट्या उचलल्या, मग कॅमेऱ्यामागं उभं राहून नटांना वाक्यं सोडायचं काम मिळालं. रोजची मालिका. सीन सकाळी येतो, दुपारी शूट होतो. पाठ कोण करणार? मागनं एकजण वाक्य सांगतो, नट ते झेलून म्हणतो. ह्याला प्रॉम्प्टिंग म्हणतात.

निवासला लेखक व्हायचं होतं. मालिका लिहिणारे तात्या थकलेले. हाताखाली एक लेखक घ्यायचं चाललेलं. ती जागा ह्याला पाहिजे होती, पण विचारायला छाती होईना. मग गड्यानं भलताच उद्योग मांडला. तात्यांचं वाक्य पटलं नाही की सोडतानाच बदलायचा. नट बिचारे कानावर पडंल ते म्हणायचे. टीव्हीवर तेच जायचं. हा गावी फोन करून सांगायचा, "कालचं आईचं वाक्य माझं बरं का."

एक दिवस तात्या स्वतः सेटवर आले आणि निवासच्या हातात सीन दिला. वर लिहिलेलं : स्वयंपाकघर, दुपार. सासर सोडून आलेली लेक आणि आई. खाली सगळं कोरं.

"तात्या, वाक्यं कुठायत?"

"तू सोड की. रोज सोडतोयसच."

निवासचं तोंड उतरलं. घावलो, म्हणला मनात. जागा तर गेलीच, आता आहे ती नोकरीही गेली. पण लाइट लागलेले. दिग्दर्शक घाई करत होता. आईचं काम करणाऱ्या विजूताई चुलीपुढं बसलेल्या. पळणार कुठं?

त्यानं घसा साफ करून सोडलं, "लेकी, ज्या घराचा उंबरा ओलांडून तू गेलीस, त्या घराच्या भिंतीसुद्धा..."

"मुडद्या, मी आई आहे, पुढारी नाही," विजूताई म्हणल्या. सगळा सेट खिदळला.

दुसरं सोडलं. तेही आपटलं. बदलायला समोर काही नव्हतंच. हात चोळत उभा राहिला आणि कागद सोडून पहिल्यांदा समोर नीट बघितलं. लेकीचं काम करणारी पोर दारातच उभी होती. चप्पल पायात, पिशवी हातात. आत यावं का नको, अशी.

निवास हळूच म्हणला, "चप्पल काढ. भात लावलाय."

विजूताईंनी मागं वळून न बघता ते म्हणलं. पोरीनं पिशवी खाली ठेवली. पुढं वाक्य लागलंच नाही.

शूट आटोपल्यावर निवास तात्यांपुढं गेला. "काढताय का मला?"

"तोंडात मारावीशी वाटतीय," तात्या म्हणले. "माझी वाक्यं चोरून बदललीस, त्याचा राग हाय. काही बदल चांगले हुते, ते बी खरं. पण दुसऱ्याच्या रानातलं तण उपटून कुणी पेरायला शिकत न्हाई. तण डोळ्याला दिसतं, उपटलं की झालं. पेरायचं तर मातीत हात घालून ओल बघावी लागती. आज तू माणसाकडं बघितलंस, म्हणून चार शब्दांत भागलं. उद्यापास्नं लिहिलंय तेच सोडायचं. सांगायचं असंल ते माझ्या तोंडावर सांग."

"आणि ती जागा?"

"आधी हे जमतंय का बघू."

निवासच्या डोक्यात तिडीक गेली. पण गिळली.

दुसऱ्या दिवशी तात्यांचं एक वाक्य आलं, अगदी अवजड. जिभेवर दुसरं तयार होतं. त्यानं होतं तसंच सोडलं. विजूताई दोनदा अडखळल्या, त्याच्याकडं डोळे वटारले, तरी त्यानं शब्द हलवला नाही.

संध्याकाळी तो तात्यांच्या खोलीवर गेला आणि दारातनंच म्हणला, "तात्या, आज एका ठिकाणी तुमचं चुकलंय."

तात्यांनी शेजारची खुर्ची ओढली.

"बस. सांग कुठं."