हंड्यातलं गाव

फार फार वर्षांपूर्वीची गोष्ट. तेव्हा घड्याळं नव्हती. घंगाळात पाणी भरायचं आणि त्यावर तळाला भोक असलेली तांब्याची वाटी सोडायची. वाटी भरून बुडाली की एक घटका झाली. मग पहारेकरी टोला द्यायचा.

एका राज्यात अशा वाट्या एकच तांबट घडवायचा. त्याचं भोक केसभर चुकलं असतं, तर गावोगावचे मुहूर्त चुकले असते. ते कधी चुकलं नाही. हे त्याला ठाऊक होतं, आणि लोकांना ठाऊक आहे की नाही हे तो अधूनमधून विचारून घ्यायचा.

शिकायला कुणी आलं की तो पहिल्याच दिवशी सांगायचा, "ठोकून पत्रा वाढत नाही. पसरतो. इकडे पसरला की तिकडे पातळ होतो. पातळ झाला की आवाज बदलतो. डोळा फसेल, कान फसायचा नाही."

घरात तो आणि बायको, दोघंच. लग्नापासून त्यांची एक रीत होती. जेवायला दोघांनी एकदम बसायचं. एकट्यानं घास घ्यायचा नाही. ताटं वाढली की ती दारात येऊन सांगायची आणि तो हातोडी ठेवून उठायचा.

एकदा पारावर कुंभार म्हणाला, "देवानं माणूस कशाचा केला? मातीचा. म्हणजे देव आमच्यातला. तुमच्या तांब्यातून आजवर काय जन्मलं, तांबटबुवा? पाणी ओतलं की पाणीच निघतं!"

लोक हसले. तांबट हसला नाही.

त्यानं मोठा हंडा घडवला. आत नऊ वाट्या बसवल्या, एकीत एक, प्रत्येकीचं भोक आधीच्या वाटीहून बारीक. बाजूला फिरवायची मूठ. मूठ फिरली की त्या वाट्यांतून पाणी नाही, काळ गळायचा. तळाशी त्यानं मूठभर माती आणि ओंजळभर पाणी टाकलं. झाकणाला दोन छिद्रं ठेवली, एक उजेडाला, एक डोळ्याला.

मुठीचा एक फेरा म्हणजे आत एक वर्ष.

आधी शेवाळ आलं. मग डासाच्या पायाएवढी झाडं आली. मग एके ठिकाणी धूर दिसला, आणि तांबटानं डोळा छिद्राला घट्ट लावला. धूर म्हणजे चूल. चूल म्हणजे माणूस.

माणसं मोहरीएवढी होती. त्यांनी घरं बांधली, विहिरी खणल्या. एका फेऱ्यात पोर रांगायचं. वीस फेऱ्यांत तेच पोर बोहल्यावर. सत्तर फेऱ्यांत त्याची चिता, ठिणगीएवढी. आवाज मात्र काही यायचा नाही. अख्खं गाव रडायचं आणि हंडा मुका.

"अहो, ताटं वाढलीत." बायको दारात आली. बांगड्या वाजल्या.

"आलोच."

त्याला फक्त एक लग्न बघायचं होतं. ते लागलं. मग त्या दोघांचं मूल बघायचं होतं.

"अहो, ताटं वाढलीत."

"आलोच म्हटलं ना!"

"कालही हेच म्हणालात."

"काल? आत्ता तर येऊन गेलीस."

ती परत वळली. बांगड्या पुन्हा वाजल्या, जरा मोकळ्या. मनगट बारीक झालं की बांगडी तशी वाजते. त्याच्या कानानं ते टिपलं. त्यानं कानाचं ऐकलं नाही.

हंड्यातली माणसं आता वर बघू लागली होती. त्यांनी वेशीबाहेर दगडाचा एक मोठा डोळा उभा केला. एकच डोळा, पापणी नसलेला. त्याच्यापुढे ती रोज अन्नाची ताटं मांडायची आणि हात जोडून थांबायची. डोळा जेवत नसे. ती तरी थांबायची.

तांबटाची छाती फुगली. कुंभाराला बोलावून दाखवायचं, पण अजून एक फेरा.

"ताटं..." दारातून आवाज आला.

"आलो..."

तो शब्द त्याच्या तोंडातच राहिला. तो आवाज त्याच्या ओळखीचा होता. आणखी एक ठोका पडला की पत्रा फाटणार, तेव्हा पत्रा असा वाजतो.

त्यानं मान वर केली. दारात एक म्हातारी उभी होती. केस पांढरे, पाठ वाकलेली. तिनं चौकटीला हात टेकला होता आणि त्या हातातून चौकटीची नक्षी दिसत होती.

"हे काय झालं तुझं?"

"वाट बघितली," ती म्हणाली. "दुसरं काय?"

त्यानं मूठ उलटी फिरवून पाहिली. फिरली नाही. पसरलेला पत्रा पुन्हा गोळा होत नाही, हेही तोच शिकवायचा.

तो घरात गेला. जमिनीवर भिंतीपासून भिंतीपर्यंत ताटं होती. ताटं संपली तिथून पुढे पत्रावळी. पहिल्या ताटांतल्या भाकरीचं खापर झालं होतं. शेवटच्या दोन पत्रावळींवरच वाफ होती. सुगीला धान्यानं काठोकाठ भरलेली कणगी रिकामी होती. एकाही ताटातला घास मोडलेला नव्हता. इतकी वर्षं ती कशावर जगली, हे विचारायची त्याची छाती झाली नाही.

दोघं पाटावर बसली. "घे," तो म्हणाला. तिनं घास उचलला. हातातल्या बांगड्या घरंगळून खाली पडल्या. त्या उचलायला तो वाकला. मान वर केली तेव्हा समोर पाट होता आणि पाटावर तो घास.

तांबटाचा आक्रोश ऐकून कुंभार धावत आला. "अहो, काल सकाळी नदीवर दिसली होती की वहिनी! केस काळेभोर होते!"

"तुझा काल," तांबट म्हणाला. "तिचा नाही."

कुंभार गेल्यावर त्यानं छिद्राला डोळा लावला. गाव जागच्या जागी थांबलं होतं. पाखरू हवेत अडकलेलं. एका ओट्यावर आई पोराला भरवत होती. पोराचं तोंड उघडं आणि घास अर्ध्या वाटेवर.

त्याला ते बघवेना. त्यानं मूठ थोडी फिरवली. घास पोराच्या तोंडात गेला. त्यानं मूठ थांबवली, तर शेजारच्या दारात कुणा म्हाताऱ्याचा घास हवेत थांबला. म्हणून आणखी थोडी फिरवली. तिसऱ्या घरात तेच. कुठेही थांबलं तरी कुणाचा ना कुणाचा घास अडत होता. आणि आता काळ पुरवायला घरात त्याच्यावाचून दुसरं कुणी नव्हतं.

तो फिरवत राहिला.

चौथ्या दिवशी कुंभारानं दार ढकललं. हंडा होता. हातोडी होती. मुठीशी कुणी नव्हतं. त्यानं छिद्रातून एकदा आतलं थांबलेलं गाव पाहिलं, झाकणावर पोतं टाकलं, आणि घरी जाऊन बायकोला म्हणाला, "चल, आधी जेवू."

लेकरांनो, थोरांनो, ध्यानात ठेवा: वेळ वाढत नसतो; जो तुम्ही दुसरीकडे उधळता, तो घरच्या माणसाच्या ताटातून उचललेला असतो.